फजितीचे हसू कोणाचे?

हौशी नाटकाच्या फजितीवर लिहिणे हा आपल्याकडील सर्वांत सुरक्षित विनोद आहे. ऐन प्रवेशात गळून पडलेली मिशी, मध्येच अडकलेला पडदा, नटाच्या आधी प्रेक्षकांना ऐकू येणारा प्रॉम्प्टर, मरून पडल्यावर डास मारणारा नायक... चार किस्से जुळवले की लेख तयार. त्यात गाव उमरेडसारखे असेल तर हशा दुप्पट. कारण तालुक्याच्या गावाने नाटक करावे हेच मुळी शहरी लेखकाला गमतीचे वाटते.

ह्या हसण्यावर माझा आक्षेप आहे, आणि तो भाबडा नाही. पाठांतर न करता रंगमंचावर चढणाऱ्या नटाची कीव करण्याचे कारण नाही. तो प्रेक्षकांचा अपमानच करीत असतो. पण कोळसा खाणीतील पाळी संपवून रात्री तालमीला येणाऱ्याच्या प्रयोगात पडदा अडकतो, तो भाड्याच्या मंडपातली दोरी कुजकी असते म्हणून. ह्या दोघांना एकाच हशात कोंबणारी समीक्षा आळशी आहे.

प्रॉम्प्टरचेच घ्या. उमरेडहून पूर्वेकडे नागभीड, ब्रह्मपुरी ओलांडून वडसा गाठा. तिथल्या झाडीपट्टी रंगभूमीवर दिवाळीनंतरच्या हंगामात प्रॉम्प्टर हा लपवायचा दोष नसतो, नाटकाच्या यंत्रणेचा तो भागच असतो. मंडई, शंकरपटाच्या निमित्ताने तिकीट काढून आलेला प्रेक्षक पहाटेपर्यंत बसतो. त्याला त्या आवाजाचे काही वाटत नाही. परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा कुठे नाट्यसमीक्षेतल्या अनेकांना ह्या रंगभूमीची आठवण झाली. असो.

आणि तेंडुलकर? रंगायनने १९६७ साली केलेल्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'चा पायाच मुळी हौशी मंडळाची फजिती हा आहे. एक नट येत नाही, त्याच्या जागी गावातल्या सामंताला उभे करायचे, त्याला सराव म्हणून लुटुपुटीचा खटला. आणि त्या खेळाखेळात बेणारेबाईंवर भ्रूणहत्येचा आरोप. हे नाटक महाविद्यालयांत शिकवले जाते, त्यातील क्रौर्यावर टिपणे लिहून दिली जातात. आणि स्नेहसंमेलनात संवाद विसरलेल्या मुलीला पुढे वर्षभर तिच्याच चुकलेल्या वाक्याने हाक मारली जाते. पुढच्या वर्षी ती नाव नोंदवत नाही.