ज्या दाराने आपण आत आलात

मा. रेजेप तय्यिप एर्दोगान,
राष्ट्राध्यक्ष, तुर्कस्तान,
अंकारा



मी मुंबईकर. आमच्या महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली आणि त्यानंतर साडेतीन वर्षांहून अधिक काळ तिचा कारभार प्रशासकाने पाहिला. तुंबलेल्या गटाराची तक्रार घेऊन ज्याच्या दारात जायचं, तो वॉर्डातला नगरसेवकच नसला की शहर कसं पोरकं होतं, हे आम्ही जवळून पाहिलं. त्यामुळे इस्तंबूलच्या महापौरांना अटक झाल्याची बातमी मला दूरदेशीची वाटली नाही. आपण स्वतः त्या खुर्चीवर बसलेले आहात, म्हणून हे पत्र थेट आपल्याला.

आपला प्रवास मी आदराने वाचला आहे. कासिमपाशा ही इस्तंबूलमधली कष्टकऱ्यांची वस्ती, काळ्या समुद्राकाठच्या रिझेहून आलेलं कुटुंब. शाळकरी वयात आपण रस्त्यावर लिंबू सरबत आणि सिमित, म्हणजे तीळ लावलेली पावाची कडी, विकलीत. १९७६ मध्ये बेयोलू भागात आपल्या तेव्हाच्या पक्षाच्या युवक शाखेचे प्रमुख झालात, १९८५ मध्ये त्याच्या जागी आलेल्या पक्षाचे इस्तंबूल प्रांताध्यक्ष. १९८९ मध्ये बेयोलूच्या महापौरपदाची निवडणूक हरलात. १९९१ मध्ये खासदारकी हाती आली होती, पण पसंतीची मतं मोजल्यावर ती आपल्याच पक्षाच्या दुसऱ्या उमेदवाराकडे गेली. दुसरा कोणी घरी बसला असता. आपण पुन्हा गल्लीबोळांत उतरलात आणि २७ मार्च १९९४ रोजी इस्तंबूलचे महापौर झालात. मतं मिळाली होती जेमतेम पंचवीस टक्के. तरीही तो कौल सगळ्यांनी मान्य केला.

त्या वेळचं इस्तंबूल बेजार होतं. नळ कोरडे, टँकरपुढे कॅन घेऊन उभ्या असलेल्या रांगा, रस्त्यांवर कचऱ्याचे ढीग आणि हिवाळ्यात कोळशाच्या धुराने कोंडलेला श्वास. १९९३ च्या एप्रिलमध्ये उमरानियेच्या कचराडेपोत साचलेल्या मिथेन वायूचा स्फोट झाला, कचऱ्याचा डोंगर खालच्या घरांवर कोसळला आणि तीसहून अधिक माणसं गाडली गेली. आपल्या कारकिर्दीत नव्या जलवाहिन्या पडल्या, कचरा उचलला जाऊ लागला, घराघरांत कोळशाऐवजी नैसर्गिक वायू पोचण्याचा वेग वाढला. आपले कट्टर टीकाकारही त्या कामाचं श्रेय आपल्याला देतात. नळाला पाणी आणणाऱ्याला लोक विसरत नाहीत.

मग सिर्त आलं. डिसेंबर १९९७ मध्ये तिथल्या सभेत आपण एक कविता म्हटलीत आणि त्यापायी धार्मिक द्वेष भडकवल्याच्या कलमाखाली आपल्याला दहा महिन्यांची शिक्षा झाली. महापौरपद गेलं, निवडणूक लढवण्याचा हक्क गेला. १९९९ मध्ये पिनारहिसारच्या तुरुंगात आपण चार महिने काढलेत. आता हा माणूस गावचा मुहतार, म्हणजे सरपंचही होऊ शकणार नाही, असं तेव्हाच्या वर्तमानपत्रांनी लिहिलं. तो निकालही न्यायालयाचाच होता, कायद्याच्या भाषेतच लिहिलेला होता. तरी लाखो तुर्की नागरिकांना तो अन्याय वाटला आणि त्यांचं बरोबर होतं.

पुढे जे घडलं, त्याची आठवण आज आपल्याला करून द्यावीशी वाटते. ३ नोव्हेंबर २००२ च्या निवडणुकीत आपल्या नव्या पक्षाने ५५० पैकी ३६३ जागा जिंकल्या, पण आपण स्वतः उमेदवारही होऊ शकला नव्हतात. अब्दुल्ला गुल पंतप्रधान झाले. संसदेत दुसरा मोठा पक्ष एकच होता, रिपब्लिकन पीपल्स पार्टी, १७८ जागांचा. त्याचे नेते देनिझ बायकाल यांना आपलं राजकारण मान्य नव्हतं. आपल्यावरची बंदी तशीच राहू देणं त्यांना सहज सोयीचं होतं. तरीही त्यांच्या पक्षाने आपल्याला निवडणूक लढवता यावी यासाठीच्या घटनादुरुस्तीला पाठिंबा दिला. राष्ट्राध्यक्ष सेझेर यांनी ती परत पाठवली, संसदेने ती पुन्हा मंजूर केली. ९ मार्च २००३ रोजी पोटनिवडणूक झाली तीही सिर्तमध्येच, जिथल्या सभेने आपल्याला तुरुंगात धाडलं होतं. आठवड्याभरात आपण पंतप्रधान झालात.

एर्दोगानसाहेब, आपल्यासाठी ते दार आपल्या विरोधकांनीही उघडलं होतं.

आज त्याच पक्षाचे एक्रेम इमामोलू त्या दाराबाहेर आहेत. तेही बेयलिकदुझू या इस्तंबूलच्या एका भागाचे महापौर म्हणून सुरुवात करून वर आले. ३१ मार्च २०१९ रोजी इस्तंबूलच्या महापौरपदाची निवडणूक ते सुमारे तेरा हजार मतांनी जिंकले. ती निवडणूक रद्द झाली, २३ जूनला फेरमतदान झालं आणि त्यांचं मताधिक्य आठ लाखांवर गेलं. २०२४ मध्ये ते पुन्हा निवडून आले. १८ मार्च २०२५ रोजी इस्तंबूल विद्यापीठाने त्यांची पदवी रद्द केली. तुर्कस्तानात राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवाराला पदवी लागते. दुसऱ्याच दिवशी त्यांना ताब्यात घेतलं आणि २३ मार्चला, त्यांचा पक्ष त्यांना राष्ट्राध्यक्षपदाचा उमेदवार म्हणून निवडत होता त्याच दिवशी, त्यांची रवानगी सिलिवरीच्या तुरुंगात झाली.

आपलं म्हणणं मला ठाऊक आहे. आरोप भ्रष्टाचाराचे आहेत आणि न्यायालयं स्वतंत्र आहेत. महापालिकेच्या पैशाची अफरातफर झाली असेल तर तिची चौकशी व्हायलाच हवी, महापौर कितीही लोकप्रिय असो. पण पदवी, अटक आणि उमेदवारी एकाच आठवड्यात येतात, तेव्हा मतदाराने काय समजायचं? आपल्या बाबतीत १९९८ मध्ये त्याने जे समजायचं ते समजून घेतलं होतं.

आग्नेयेकडच्या कुर्दी शहरांची गोष्ट तर आणखी जुनी आहे. २०१६ पासून तिथले निवडून आलेले महापौर दहशतवादाच्या आरोपांवरून हटवले जातात आणि त्यांच्या जागी सरकारचा ‘कय्यूम’, म्हणजे प्रशासक, बसतो. मार्दिनचे वयोवृद्ध नेते अहमत तुर्क यांना लोकांनी पुन्हा पुन्हा निवडून दिलं आणि सरकारने २०१६, २०१९ आणि २०२४ मध्ये, तिन्ही वेळा, त्यांना पदावरून दूर केलं. १९९८ मध्ये आपली खुर्ची गेली, तेव्हा अंकाऱ्याहून कोणी प्रशासक आला नव्हता. नगरसभेने आपल्याच पक्षाच्या अली मुफित गुर्तुना यांना महापौर निवडलं. इस्तंबूलच्या मतदाराचा तेवढा मान तेव्हाच्या व्यवस्थेनेही राखला होता. मार्दिनच्या मतदाराचा मान त्याहून कमी का असावा?

माझ्या मागण्या तीन आहेत. इमामोलू यांना तुरुंगाबाहेर राहून खटला लढवू द्या आणि तो खटला सगळ्या देशाला पाहता येईल असा उघड चालवा. महापौर हटवावाच लागला, तर त्याची जागा भरण्याचा अधिकार सगळीकडे निवडून आलेल्या नगरसभेलाच ठेवा. आणि पुढच्या राष्ट्राध्यक्षीय निवडणुकीत आपल्या पक्षाला सर्वांत अवघड वाटणारा उमेदवारही मतपत्रिकेवर असू द्या.

यातलं काहीच अशक्य नाही. २००२ मध्ये आपल्याकडे संसद होती, तरी विरोधकांच्या हाताची गरज पडली. आज आपल्या हाती तेव्हाच्या कोणाहीपेक्षा जास्त सत्ता आहे. राष्ट्राध्यक्षीय पद्धत आणणाऱ्या २०१७ च्या सार्वमतानंतर सरकार म्हणजे आपणच आहात. बायकाल यांच्या पक्षाने सोय बाजूला ठेवून आपल्याला जी संधी दिली, ती त्याच पक्षाच्या माणसाला देणं हे आपल्यावरचं ऋण आहे. ते फेडण्यासाठी आपल्याला कोणाच्या मंजुरीची वाट पाहावी लागणार नाही.

कळावे.

आपला,
मुंबईचा एक मतदार