रीडिंग खोडू नका, रांगेत उभं करा

आपल्याकडे एक कला कुठल्याही सिलॅबसमध्ये नाही, पण फर्स्ट इयरच्या दुसऱ्या महिन्यापर्यंत प्रत्येकाला येते. तिचं नाव ‘रीडिंग बसवणे’. ग्राफ सरळ येत नाही, एक ठिपका भलतीकडेच जाऊन बसलाय, आणि सबमिशन उद्या. मग खोडरबर निघतं, ठिपका रेषेवर येतो, सरांची सही होते. मीही बसवलीत. सीनियर्सनी शिकवलं, मी ज्युनियर्सना शिकवलं. परंपरा आहे म्हणा ना! पण मागच्या डिसेंबरात एका रीडिंगवरून रूममेटशी माझं कडाक्याचं भांडण झालं, आणि तेव्हापासून माझं एक मत झालंय. तेच इथे मांडतोय.

आमच्या हॉस्टेलला दोन विंग. गच्चीवर सोलरची एकच टाकी, तिथून दोन्हीकडे पाइप. ए विंगच्या पाइपांना दिवाळीच्या सुट्टीत फोम गुंडाळला, बी विंगचे तसेच उघडे राहिले. पुण्याची डिसेंबरची सकाळ ज्याने बादली हातात घेऊन काढलीय त्याला बाकी सांगायला नको. बी विंगवाले रेक्टर सरांकडे गेले. सर म्हणाले, “फोमने वेळ कमी होतो हे दाखवा, मग बघू. ‘सर खूप फरक आहे’ चालणार नाही. आकडे आणा.”

आम्ही वहीच्या पहिल्या पानावर प्रश्न लिहिला: ए विंगमध्ये गरम पाणी यायला बी विंगपेक्षा कमी वेळ लागतो का? मग बारा चिठ्ठ्या केल्या, सहा ‘ए’ आणि सहा ‘बी’, आणि मेसमधल्या स्टीलच्या वाडग्यात टाकल्या. रोज सकाळी सहाला एक चिठ्ठी काढायची, त्या विंगचा ठरलेला नळ सोडायचा आणि मोबाइलचं स्टॉपवॉच लावायचं. चिठ्ठ्या कशाला? तर सगळी थंडी बी विंगच्या वाट्याला आणि सगळं ऊन ए विंगच्या, असं होऊ नये म्हणून.

बारा दिवसांनी आकडे असे होते, मिनिटांत. बी विंग: ८, ९, ११, १२, १३, १५. ए विंग: ३, ४, ५, ६, ७, ४५.

हो, पंचेचाळीस. आदल्या संध्याकाळी टाकी धुवायला गच्चीवरचा मेन कॉक बंद केला होता, तो उघडायचा राहिला. मी टॉवेल गुंडाळून पाऊण तास उभा.

आता सरासरी काढा. बी विंग ११.३ मिनिटं, ए विंग ११.७. म्हणजे फोम गुंडाळून पाणी उशिरा येतं! एक्सेलमध्ये टी-टेस्ट लावली, तीही म्हणाली फरक वगैरे काही नाही. रूममेट म्हणाला, “पंचेचाळीस खोडून टाक. मग ए विंगची सरासरी पाच. कोणाला कळतंय?” यात खरा मोह असा की आमचं म्हणणं बहुतेक खरं होतं. खोट्या गोष्टीसाठी रीडिंग बसवताना निदान लाज वाटते. खऱ्यासाठी बसवताना तीही वाटत नाही.

भांडणानंतर मी जे केलं ते एवढंच: बाराही आकडे लहानापासून मोठ्यापर्यंत रांगेत लावले आणि क्रम दिले. ए विंगला आले १, २, ३, ४, ५ आणि १२. बेरीज २७. एक ते बाराची बेरीज ७८, म्हणजे काहीच फरक नसता तर ए विंगच्या वाट्याला सरासरीने ३९ यायला हव्या होत्या.

‘काहीच फरक नसता तर’ हेच नल हायपोथिसिस, आणि चिठ्ठ्यांमुळे त्याला इथे सरळ अर्थ आहे. कॉक दोन्ही विंगना एकच. त्या दिवशी ‘बी’ची चिठ्ठी निघाली असती तर ते पंचेचाळीस बी विंगच्या नावावर लागले असते. म्हणजे विंगने काही फरक पडत नसेल, तर आकडे तेच राहतात, फक्त कोणावर ‘ए’ आणि कोणावर ‘बी’ लिहायचं ते चिठ्ठ्या ठरवतात. बारातून सहा निवडायचे प्रकार ९२४. त्यातल्या कितींमध्ये ए विंगची बेरीज २७ किंवा कमी येते? एका रात्रीत कागदावर मोजता येतं: ३०. तीस भागिले ९२४, म्हणजे साधारण ३.२ टक्के. हीच पी-व्हॅल्यू. ना नॉर्मल वितरण गृहीत धरलं, ना मागच्या पानावरचं टेबल लागलं. आणि पंचेचाळीस जागेवरच राहिले. ते ४५० असते तरी त्यांचा क्रम बारावाच. रँक त्या आकड्याला एवढंच म्हणते: तू सगळ्यात उशिरा आलास, शेवटी उभा राहा. हाकलून देत नाही, आणि सगळ्या वर्गाची सरासरी बिघडवूही देत नाही.

ही पद्धत मांडणारा फ्रँक विल्कॉक्सन मुळात रसायनशास्त्रज्ञ, अमेरिकेतल्या एका केमिकल कंपनीत नोकरीला. त्याचा १९४५ चा पेपर जेमतेम चार पानांचा. मॅन आणि व्हिटनी यांनी १९४७ मध्ये तिला गणिती बैठक दिली. यावर ‘ही गरिबांची टी-टेस्ट’ अशी टीका होते, ती मला पटत नाही. डेटा अगदी आदर्श नॉर्मल असला तरी मोठ्या सॅम्पलमध्ये टी-टेस्टला १०० रीडिंग लागत असतील तिथे हिला साधारण १०५ लागतात. वाकड्यातिकड्या डेटावर तर ती बऱ्याचदा पुढेच निघून जाते. पाच रीडिंगांचा हप्ता, बदल्यात कॉक बंद राहिल्याचा विमा!

आणि हे शिकायला लांब जायला नको. आपल्याच गावात, विद्यापीठाच्या संख्याशास्त्र विभागात, जयंत देशपांडे आणि अनिल गोरे यांनी या विषयावर आयुष्य घातलं. शानुभोग यांच्यासोबत त्यांनी लिहिलेलं पुस्तक १९९५ चं, आणि नावच ‘स्टॅटिस्टिकल ॲनालिसिस ऑफ नॉननॉर्मल डेटा’. आपण मात्र दुचाकीवरून त्या गेटसमोरून जातो ते वडापावच्या गाडीकडे.

आता वहीच्या पहिल्या पानाबद्दल. ते ३.२ टक्के एकाच दिशेचे आहेत, कारण प्रश्न ‘कमी वेळ लागतो का’ असा आधी लिहिला होता. आकडे बघून मग दिशा ठरवली असती तर दोन्ही टोकं मोजावी लागली असती: ६.५ टक्के. पाचची लक्ष्मणरेषा मानणाऱ्यांच्या लेखी निकाल उलटला! बारा आकडे तेच, फक्त प्रश्न कधी लिहिला यावर सगळं.

आधी प्रश्न, मग आकडे, हे मोठ्या प्रमाणावर कसं करतात त्याचा नमुनाही पुण्यातलाच. २००८ मध्ये जयंत नारळीकर, संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे यांनी फलज्योतिषाची चाचणी घेतली. शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर बौद्धिक अक्षमता असलेल्या मुलांच्या पत्रिका. कोणती कोणाची ते ज्योतिषांनी ओळखायचं. कोणती पत्रिका कोणाची हे ना ज्योतिषांना ठाऊक, ना त्यांच्याकडे ती पाठवणाऱ्यांना. सत्तावीस ज्योतिषांनी प्रत्येकी चाळीस पत्रिका तपासून उत्तरं पाठवली. एका संस्थेने सगळ्या दोनशे तपासल्या आणि १०२ बरोबर आल्या. नाणं उडवलं असतं तर शंभरच्या आसपास आल्याच असत्या. निकाल २००९ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये छापून आला. यात रँक नव्हती, साधी बरोबर-चूक मोजणी होती. पण एकही पत्रिका ‘ही अपवादात्मक होती’ म्हणून नंतर खोडायची सोय तिथे नव्हती, आणि मला भावतं ते हेच.

रँक म्हणजे सगळ्यावर रामबाण, असं मात्र मी म्हणत नाहीये. आपण बहुतेक सगळे इथे रँकवरच आलोय! एमएचटी-सीईटी २०१९ पासून संगणकावर, वेगवेगळ्या सत्रांत होते, आणि हातात पर्सेंटाइल येतं: तुमच्या सत्रात तुमच्याइतके किंवा तुमच्यापेक्षा कमी मार्क किती टक्क्यांना मिळाले. अवघड पेपरवाल्यांवर अन्याय होऊ नये म्हणून हे ठीकच. पण रांग अंतर विसरते. पुढचा माझ्यापेक्षा अर्ध्या मार्काने पुढे आहे की वीस मार्कांनी, ते क्रम सांगत नाही. मधल्या गर्दीत दोन-चार मार्कांत शेकडो जण पुढे-मागे होतात, आणि घरी वर्षभर त्याचीच चर्चा. आमच्या पाण्याचंही तसंच. रँकने सांगितलं की ए विंगला पाणी लवकर येतं. किती मिनिटं वाचली ते सांगायला पुन्हा मिनिटांकडेच जावं लागलं. मधला आकडा बघितला: ए विंग ५.५, बी विंग ११.५.

स्टाफला एक विनंती. प्रत्येक जर्नलमध्ये एक तरी प्रॅक्टिकल असं असू द्या, जिथे वेडंवाकडं रीडिंग तसंच ठेवून, ते का आलं याच्या दोन ओळी लिहिल्या तर पूर्ण मार्क मिळतील. सरळ रेषेलाच मार्क मिळत असतील तर पोरं सरळ रेषाच काढणार, यात पोरांचा एकट्यांचा दोष नाही.

आमचा कागद आम्ही बाराही आकड्यांसकट रेक्टर सरांना दिला. त्यांनी पहिलं बोट ठेवलं ते पंचेचाळीसवर. “हे काय?” सांगितलं. त्यांनी तिथूनच प्लंबर काकांना फोन लावला, आणि आता टाकी धुतली की कॉक उघडल्याची सही रजिस्टरमध्ये होते. आकडा खोडला असता तर हे झालं नसतं. मग कागद गणिताच्या मॅडमना दाखवला. त्यांनी एकच विचारलं, “फोम घालण्याआधीची ए विंगची रीडिंग कुठे आहेत? टाकीपासून तीच विंग जवळ असेल तर?” आम्ही गप्प. जवळ आहेच ती. फरक विंगचा दाखवला होता, फोमचा नाही.

म्हणून यंदा बी विंगच्या निम्म्या पाइपांना फोम लागणार आहे, आणि त्याआधीची आणि नंतरची अशी दोन्ही रीडिंग घ्यायची आहेत. वाडगा तोच आहे. सकाळी सहाला उठणारा एक जण हवाय. सेकंड इयरचा असेल तर उत्तम, आमचं प्रोजेक्ट सबमिशन आहे.