ओट्याखालचा वाइन कूलर : गरम वारा कुठं जाणार?

आमच्या नाशिक भागात नव्या बंगल्यांत ओट्याखाली वाइन कूलर बसवायची टूम निघालीय. हौसेला ना नाही. पण मिस्त्री माप घेतो, तिन्ही बाजूंनी प्लायवूड ठोकतो अन् मशीन चिकटून आत ढकलतो, हे काही पटत नाही.

आपण द्राक्षवाले. प्रीकूलिंगला माल 4 अंशांपर्यंत उतरवताना बाहेरचे पंखे किती गरम वारा फेकतात, ते रोज बघतो. थंडी तयार होत नसते, आतली उष्णता बाहेर टाकावी लागते. कूलरचंही तेच. ज्याचा गरम वारा मागून निघतो, तो ओट्याखाली कोंडला की कॉम्प्रेसर थांबतच नाही. बिल वाढतं, मशीन लवकर जातं. म्हणून पुढच्या बाजूला खाली जाळी असलेलाच कूलर घ्या, अन् ती जाळी फळीनं झाकू नका. गॅसच्या शेगडीपासून लांब बसवा. अर्थिंग असलेला पॉइंट वेगळा काढा.

वाइनला 12-13 अंश पुरतात, पण ते कायम लागतात. एप्रिलच्या उकाड्यात बाटली तापली की चव बिघडते, अन् पाहुणा म्हणतो, नाशिकची वाइनच बेकार. कोंडलं मिस्त्रीनं, नाव गेलं बागेचं!

वर्षाला चारच बाटल्या लागत असतील तर साधा फ्रीज बास झाला. कूलरचे पैसे बागेवरच्या प्लास्टिक आच्छादनाला लावा, अवकाळीत कामाला येतील. बघा, पटतंय का.