रणभूमीवरचा वार्ताहर आणि स्टुडिओतले सेनापती

मे २०२५ मध्ये ‘ऑपरेशन सिंदूर’ चालू असताना काही नामांकित वृत्तवाहिन्यांनी एका रात्रीत कराची बंदर उद्ध्वस्त करून टाकले. नौदलाने तसे म्हटले नव्हते, सरकारनेही नव्हते. सकाळ झाली तेव्हा बंदर जागच्या जागी होते. आपल्या सैन्याने त्या चार दिवसांत जे प्रत्यक्ष करून दाखविले, ते अभिमानाने सांगण्यासारखे होते. त्याला खोट्याच्या फोडणीची गरज नव्हती. उलट, भारतीय माध्यमे थापा मारतात असे जगाला सांगण्याची आयती संधी पाकिस्तानला मिळाली. जो जितका मोठ्याने ओरडेल तितका तो राष्ट्रभक्त, असा हिशेब मांडणाऱ्या या मंडळींनी विल्यम हॉवर्ड रसेल याचे चरित्र एकदा चाळावे.

रसेल हा आपला कोणी नव्हे. १८२० साली आयर्लंडमध्ये जन्मलेला, लंडनच्या ‘टाइम्स’चा हा वार्ताहर ब्रिटिश साम्राज्याचा अभिमानीच होता. परंतु सैन्य आणि युद्ध हाच आपल्या लेखणीचा विषय मानून त्याने जवळजवळ अर्धशतक त्यात घालविले. १८५४ मध्ये ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्तान हे रशियाविरुद्ध क्रिमियात उतरले, तेव्हा ‘टाइम्स’चा संपादक डिलेन याने त्याला सैन्याबरोबर धाडले. लष्करात त्याला कोणतेही अधिकृत स्थान नव्हते. सरसेनापती लॉर्ड रॅग्लन त्याची दखलही घेत नसे.

२५ ऑक्टोबर १८५४ रोजी बालाक्लाव्हा येथे एका चुकीच्या हुकुमापायी ब्रिटिश घोडदळाने रशियन तोफांच्या तोंडात धाव घेतली. स्वारांच्या शौर्याचे वर्णन रसेलने मुक्तकंठाने केले. पण ती आहुती व्यर्थ गेली, हेही झाकले नाही. पुढे हिवाळा आला. १४ नोव्हेंबरच्या वादळात गरम कपड्यांनी भरलेले ‘प्रिन्स’ जहाज बुडाले. सैनिक चिखलात, फाटक्या कपड्यांनिशी खंदकांत पडून होते आणि शत्रूच्या गोळ्यांपेक्षा पटकी, अतिसार आणि थंडी यांनी कितीतरी अधिक माणसे मरत होती. बंदरात उतरलेला माल काही मैलांवरच्या छावणीत पोहोचविण्याची व्यवस्था त्या काळच्या सर्वांत श्रीमंत साम्राज्यापाशी नव्हती. रसेलने हे सारे लिहिले. कॉन्स्टँटिनोपलहून ‘टाइम्स’चाच थॉमस चेनरी इस्पितळांची दुर्दशा कळवीत होता, ती वाचून इंग्लंड हादरले आणि फ्लॉरेन्स नाइटिंगेल परिचारिकांची तुकडी घेऊन निघाली. जानेवारी १८५५ मध्ये युद्धाच्या गैरकारभाराची चौकशी करण्याचा ठराव संसदेत मोठ्या बहुमताने संमत झाला आणि पंतप्रधान ॲबरडीन यांचे मंत्रिमंडळ कोसळले.

त्याला देशद्रोही म्हणणारे तेव्हाही होतेच. त्यांच्या आरोपात तथ्य अगदीच नव्हते असे नाही. तोफांची संख्या, दारूगोळ्याची जागा असले तपशील छापले जातात आणि ते तारेने रशियाला पोहोचतात, ही रॅग्लनची तक्रार होती. आणि ती रास्त होती. फेब्रुवारी १८५६ मध्ये सेनापती कॉड्रिंग्टन याने शत्रूच्या उपयोगी पडेल असा मजकूर छापण्यास बंदी घातली, तोवर युद्ध संपत आले होते. तोफ कोठे आहे हे सांगू नये. सैनिकाच्या अंगावर कोट नाही हे मात्र सांगितलेच पाहिजे. आपल्या वाहिन्यांना यातले पहिले पथ्य पाळता येत नाही आणि दुसऱ्या कर्तव्याची त्यांना आठवणही नसते. २६ नोव्हेंबर २००८ रोजी मुंबईवर हल्ला झाला तेव्हा कमांडोंच्या हालचाली थेट प्रक्षेपित होत होत्या आणि पाकिस्तानात बसलेले सूत्रधार त्या पाहून अतिरेक्यांना सूचना देत होते. २०१२ मध्ये कसाबच्या अपिलाचा निकाल देताना सर्वोच्च न्यायालयाने याबद्दल वाहिन्यांना कठोर शब्दांत फटकारले. दहशतवादविरोधी कारवाईच्या थेट प्रक्षेपणावर बंदी घालणारा नियम मात्र २०१५ साली व्हावा लागला. जे स्वतःहून कळायला हवे, ते राजपत्रात छापून सांगावे लागले.

रसेलचा एक धागा थेट ब्रह्मावर्ताशी जुळतो. नानासाहेब पेशव्यांच्या तनख्याची कैफियत घेऊन लंडनला गेलेला अजीमुल्ला खान १८५५ मध्ये परतीच्या वाटेवर मुद्दाम क्रिमियाकडे वळला. इंग्रजांना मागे रेटणारे रशियन कसे आहेत, हे त्याला पाहायचे होते. तेथे त्याची आणि रसेलची गाठ पडली. इंग्रज सैन्य अजिंक्य नाही, हे त्याने डोळ्यांनी पाहिले. दोनच वर्षांनी हिंदुस्थान पेटला. ही आठवण स्वतः रसेलनेच नोंदवून ठेवली आहे.

१८५८ च्या आरंभी रसेल हिंदुस्थानात आला आणि कॉलिन कॅम्पबेलच्या सैन्याबरोबर लखनौपर्यंत गेला. कैसरबागेची बेबंद लूट त्याने वर्णन केली. इंग्लंडात ज्या अत्याचारकथांनी सूडाचा आगडोंब उसळला होता, त्यांपैकी अनेकींना पुरावाच सापडत नाही, हे त्याने लिहिले. फाशी देण्यापूर्वी हिंदू-मुसलमानांना धर्मभ्रष्ट करण्याच्या अघोरी शिक्षांची त्याला लाज वाटली, तीही त्याने लपविली नाही. १८६० साली त्याची हिंदुस्थानातील दैनंदिनी ग्रंथरूपाने निघाली. साम्राज्याच्या बाजूने उभ्या असलेल्या माणसाची ही साक्ष आहे, म्हणून तिचे मोल अधिक.

त्याच वर्षी त्याने लंडनमध्ये ‘आर्मी अँड नेव्ही गॅझेट’ हे केवळ सैन्यदलांना वाहिलेले साप्ताहिक सुरू केले. पुढे अमेरिकेत बुल रनच्या लढाईनंतर उत्तरेच्या सैन्याची पळापळ त्याने जशी पाहिली तशी लिहिली. परिणामी तो तेथे इतका अप्रिय झाला, की १८६२ मध्ये सैन्याबरोबर जाण्याची परवानगी नाकारली गेली आणि त्याला परतावे लागले. त्याच्या मायदेशाने मात्र १८९५ मध्ये त्याला ‘सर’ केले.

आता आपल्याकडे पाहू. १९६२ मध्ये सुती गणवेश आणि कॅनव्हासचे बूट घातलेल्या जवानांना नेहरू सरकारने हिमालयाच्या बर्फात उभे केले. युद्धापूर्वी हे ओरडून सांगणारा रसेल आपल्या वृत्तपत्रांत कोठे होता? दिल्लीतील भाटांना पंचशीलाचे पोवाडे गाण्यातून सवड नव्हती. परिणाम असा, की त्या पराभवाचा इतिहास ‘टाइम्स’च्याच नेव्हिल मॅक्सवेल या परकीय वार्ताहराने १९७० मध्ये लिहिला आणि सारा दोष भारताच्या माथी मारून चीनला निर्दोष ठरविले. पराभवाची कारणे तपासणारा हेंडरसन ब्रूक्स-भगत अहवाल १९६३ पासून कडीकुलपात राहिला. त्याचा काही भाग २०१४ मध्ये जगापुढे आणला तोही याच मॅक्सवेलने. दिल्लीत सरकार कोणाचेही येवो, कुलूप तसेच राहिले. कारगिलनंतर वाजपेयी सरकारने नेमलेल्या समीक्षा समितीत मात्र बी. जी. वर्गीस हे पत्रकार सदस्य होते आणि काही भाग वगळून का होईना, तिचा अहवाल जनतेपुढे आला.

फेब्रुवारी २०२० मध्ये महालेखापरीक्षकांचा एक अहवाल संसदेत मांडला गेला. सियाचीन-लडाखसारख्या अतिउंच भागांतील जवानांसाठी लागणारे कपडे, बूट आणि बर्फातले चष्मे यांच्या खरेदीत २०१५-१६ ते २०१७-१८ या काळात विलंब झाला, जुने बूट पुन्हा वापरावे लागले, असे त्यात नमूद होते. ती स्थिती जुनी असून आता सुधारली आहे, असे सैन्याचे म्हणणे होते. ते खरे असेल. पण ते तपासायला लेहपर्यंत कोण गेले? त्यानंतर चारच महिन्यांनी गलवान घडले. बुटांच्या त्या अहवालावर स्टुडिओत रणगाडे नाचविणाऱ्यांनी किती रात्री जागविल्या?

सातारा जिल्ह्यातील अपशिंगे गावाच्या नावातच ‘मिलिटरी’ आहे. बेळगावच्या मराठा लाइट इन्फंट्रीत पिढ्यान्‌पिढ्या मुले धाडणारी घरे रोज सकाळी मराठी वृत्तपत्र उघडतात. क्रिकेटसाठी, चित्रपटांसाठी, शेअर बाजारासाठी तेथे स्वतंत्र पत्रकार आहेत. संरक्षणासाठी बहुधा दिल्लीहून आलेल्या वृत्तसंस्थेच्या मजकुराचा अनुवाद असतो आणि त्यात बटालियन आणि ब्रिगेड यांची अदलाबदल झाली तरी कोणाच्या लक्षात येत नाही. संरक्षण मंत्रालय पत्रकारांसाठी खास अभ्यासक्रम चालविते. संसदेच्या संरक्षणविषयक स्थायी समितीचे अहवाल कोणालाही वाचता येतात. आपण रोज विकत घेतो त्या दैनिकाच्या संपादकांना एक पत्र लिहून विचारावे, की तुमच्याकडे हे वाचणारा एक तरी माणूस पूर्णवेळ नेमला आहे काय.