पेशींआधी दिवस मोजा

पावसाचा जोर ओसरून ऊन-पाऊस सुरू झाला की कोडोलीत आणि वारणाकाठच्या गावांत तापाचे दिवस येतात. कोणी आजारी पडल्याचे कळले की पहिला प्रश्न ठरलेला असतो, ‘पेशी किती आहेत?’ मग पपईच्या पानांचा रस, किवी, शेळीचे दूध यांची शोधाशोध सुरू होते. डेंग्यू हा शब्द आता शाळकरी पोरालाही माहीत आहे. पण शब्द माहीत असणे वेगळे आणि आजार समजणे वेगळे. हा फरक कधी कधी जिवावर बेततो.

पुणे जिल्ह्यात पुरंदर तालुक्यात बेलसर नावाचे गाव आहे. जुलै २०२१ मध्ये तिथे तापाचे रुग्ण वाढले. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणूविज्ञान संस्थेच्या पथकाने ४१ जणांच्या रक्ताचे नमुने घेतले. त्यांपैकी २५ जणांना चिकुनगुनिया निघाला, तिघांना डेंग्यू आणि पन्नाशीतल्या एका महिलेला झिका. तो महाराष्ट्रातला झिकाचा पहिला रुग्ण होता. ही महिला पुढे बरी झाली. एकाच गावात, एकाच पावसाळ्यात तीन वेगवेगळे विषाणू आणि ते तिन्ही पसरवणारा डास मात्र एकच, एडिस इजिप्ती. काळ्या अंगावर पांढरे पट्टे असलेला आणि दिवसा चावणारा.

हा डास गटारात वाढतो असा आपला समज आहे. गटारात वाढणारे डास वेगळे. एडिसला साठवलेले स्वच्छ पाणी लागते. न्हाणीघरातले पिंप, अंगणातला रांजण, फ्रीजमागचा ट्रे, गच्चीवरची झाकण नसलेली टाकी, पंक्चरच्या दुकानाबाहेरचे टायर, कबरस्तानात पक्ष्यांसाठी ठेवलेली भांडी, हे त्याचे पाळणाघर. नळाला रोज पाणी येत नाही म्हणून आपण पाणी साठवतो. त्या साठ्यातच तो वाढतो आणि फारसा दूर न उडता आपल्याला किंवा शेजाऱ्याला चावतो.

म्हणून पहिली मोजणी पाण्याच्या दिवसांची. अंड्यापासून उडणारा डास तयार व्हायला साधारण सात ते दहा दिवस लागतात. आठवड्यातून एकदा भांडी रिकामी केली तर अळीचा डास होण्याआधीच साखळी तुटते. मात्र नुसते पाणी ओतून भागत नाही. मादी अंडी घालते ती पाण्याच्या वर, भांड्याच्या ओलसर कडेला. ही अंडी कोरड्यातही कित्येक महिने टिकतात आणि पुन्हा पाणी लागले की फुटतात. त्यामुळे पिंपाची आतली कड काथ्याने घासायची, दिवसभर कोरडे ठेवायचे आणि भरल्यावर कापड बांधायचे. जी टाकी किंवा हौद रिकामा करता येत नाही, त्यात गप्पी मासे सोडायचे. हे मासे आरोग्य विभागाकडून मिळतात.

दुसरी मोजणी तापाच्या दिवसांची. ही चुकली तर माणूस हातचा जातो. डास चावल्यावर चार ते दहा दिवसांनी अचानक जोराचा ताप येतो. डोके आणि डोळ्यांच्या मागचा भाग ठणकतो, अंग मोडून येते. हा ताप दोन ते सात दिवस राहतो. मग तो उतरतो आणि घरातले सगळे सुटकेचा श्वास सोडतात. डेंग्यूत खरा धोका अनेकदा इथेच सुरू होतो. ताप उतरल्यानंतरचे २४ ते ४८ तास सर्वांत नाजूक असतात. या काळात रक्तातला द्रव भाग रक्तवाहिन्यांतून बाहेर झिरपू लागतो, रक्त घट्ट होते आणि रक्तदाब घसरतो. पोटात जोराचे दुखणे, थांबत नसलेल्या उलट्या, हिरड्यांतून किंवा नाकातून रक्त, काळी शी, हातपाय गार पडणे, लघवी कमी होणे, गुंगी किंवा विनाकारण अस्वस्थता, यांतले एकही लक्षण दिसले तर सकाळची वाट पाहू नये. रात्रीच दवाखाना गाठावा.

पेशींचा आकडा डॉक्टर पाहतातच, पण एकट्या आकड्यावर काही ठरत नाही. रक्त किती घट्ट झाले, रक्तदाब किती, लघवी होते का, हेही तितकेच महत्त्वाचे. रक्तस्राव नसेल तर आकडा खाली आला म्हणून लगेच बाहेरून पेशी चढवाव्या लागतात असे नाही. बहुतेक रुग्ण पॅरासिटामॉल, विश्रांती आणि भरपूर पातळ पदार्थ यांवर बरे होतात. पेज, ताक, नारळपाणी, ओआरएस चालते. अॅस्पिरिन, आयब्युप्रोफेन, डायक्लोफिनॅक या वेदनाशामक गोळ्या मात्र स्वतःच्या मनाने घेऊ नयेत, त्यांनी रक्तस्राव वाढू शकतो. मेडिकलमधून ‘अंगदुखीची स्ट्राँग गोळी’ आणण्याची सवय इथे महागात पडते. रुग्णाला दिवसाही मच्छरदाणीत झोपवावे. त्याला चावलेला डास काही दिवसांनी शेजारच्या पोराला चावणार असतो.

आता आपल्या मोहल्ल्याबद्दल थोडे स्पष्ट बोलू. पाण्याची भांडी तपासायला आशाताई दारात येतात, तेव्हा अनेक घरांत दार अर्धेच उघडते. नागरिकत्वाच्या वादानंतर वही घेऊन आलेल्या कोणाकडेही आपल्याकडे संशयाने पाहिले जाऊ लागले. ती भीती हवेतून आलेली नव्हती, हे मान्य. पण पिंपातल्या अळ्या पाहणाऱ्या बाईंपासून पिंप लपवल्याने नुकसान आपलेच होते. मोहल्ल्यातले एखाददोन तरुण त्यांच्यासोबत फिरले तरी दारे उघडतील. अम्मीला, खालाला समजेल अशा भाषेत सांगणारा घरचाच मुलगा किंवा मुलगी हवी.

जबाबदारी फक्त घरांचीही नाही. नळाला पाणी चार दिवसांआड आले तर पिंपे भरलेलीच राहणार. तेव्हा ग्रामसभेत उठून विचारले पाहिजे: पाण्याचे वेळापत्रक काय, फुटलेली पाइपलाइन कधी दुरुस्त होणार, आमच्या गल्लीत तपासणी शेवटची कधी झाली? धुराच्या फवारणीवर समाधान मानू नका. धुराने उडते डास मरतात, पाण्यातल्या अळ्यांना त्याचे काही नाही. आठवड्याभरात नवे डास तयार असतात.

कोरडा दिवस कोणता, हे प्रत्येक गल्लीने ठरवावे. आपल्यासाठी जुमा सोयीचा आहे. त्या दिवशी अंघोळ, कपडे, घर सगळे स्वच्छ होतेच, त्यात पिंपाची भर घालायची. मशिदीच्या समितीने वजूच्या हौदापासून सुरुवात करावी आणि नमाजनंतर दोन मिनिटांची सूचना द्यावी. पाकी हा शब्द आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. साठवलेले पाणी नितळ दिसते म्हणून ते सुरक्षित असते असे नाही, एवढे त्या पाठात जोडायचे आहे.

या जुम्याला हा लेख पुढे पाठवण्याआधी आपल्या घरचे पिंप उघडा आणि बॅटरीच्या उजेडात आत पाहा. वळवळणारी अळी दिसली तर पाणी जमिनीवर ओता, कड घासा आणि मग शेजारचे दार वाजवा.