हाणामारीचे सिनेमे कुलपात कशाला?

‘स्टंटपट जपून कोणाचे भले होणार?’ हा प्रश्न मला अडाणी माणसाने कधी विचारला नाही. विचारतात ते स्वतःला चित्रपट-रसिक म्हणवणारे. फाळके जपावेत, प्रभात जपावी, ‘संत तुकाराम’ तर जपायलाच हवा. पण चाबूक, घोडे, गच्चीवरच्या उड्या आणि तोंडावरचे बुरखे यांच्यावर सरकारी पैसा कशाला? या शिष्टपणाचा मला उबग आला आहे. सणाच्या तोंडावर का होईना, स्पष्ट बोलतो.

आपल्या देशात तेराशेच्या वर मूकपट निघाले. पूर्ण, अर्धे, नुसते तुकडे, सगळे धरून आज तीससुद्धा उरलेले नाहीत. उरलेल्यांत एक आहे १९३१ चा ‘दिलेर जिगर’. दिग्दर्शक जी. पी. पवार. डग्लस फेअरबँक्सच्या अमेरिकी पटांच्या वळणाचा, तलवारबाजीचा, कसरतींचा. आणि त्याची नायिका कोण? ललिता पवार! वाचकहो, आपल्या डोळ्यांसमोर त्या येतात खाष्ट सासू म्हणून, नाहीतर दूरदर्शनच्या ‘रामायणा’तली मंथरा म्हणून. १९४२ साली एका चित्रीकरणात मास्टर भगवानची थप्पड वर्मी बसली, चेहऱ्याची एक बाजू अधू झाली, डोळा कायमचा बारीक झाला आणि येवल्याच्या या बाईची नायिकापदाची वाट बंद झाली. त्या थपडेआधीची ललिता पवार पाहायची असेल तर असल्या ‘फालतू’ पटांतच पाहावी लागेल. संतपट जपणाऱ्यांनी ती जपली असती का?

थप्पड मारणाऱ्या भगवानदादांचे तरी काय उरले? ‘अलबेला’ १९५१ चा. त्यातला नाच सगळ्यांना ठाऊक. पण त्याआधी गिरणी कामगाराच्या या मुलाने तुटपुंज्या भांडवलावर मारामारीचे पट काढले, ‘बहादूर किसान’ १९३८ चा, आणि कामगारवस्तीतला प्रेक्षक ते डोक्यावर घेत होता. त्यांतले बहुतेक आज कुठेच पाहायला मिळत नाहीत. ‘आलम आरा’चा नायक मास्टर विठ्ठल हा मूळचा मूक स्टंटपटांचाच राजा. करार मोडल्याचा खटला त्याच्यावर झाला तेव्हा त्याचे वकीलपत्र बॅरिस्टर जीनांनी घेतले होते, एवढी त्याला किंमत! आणि ‘आलम आरा’ची एकही प्रत शिल्लक नाही. जुन्या फिती चांदी काढण्यासाठी भंगारात विकल्या गेल्या. नायट्रेटच्या फिती आगीला निमंत्रण देतात. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये तेच झाले, आणि तेव्हा प्रभातच्याही फिती जळाल्या. आग सोवळे-ओवळे पाहत नाही.

आता आमच्या इब्रामपुराकडून हे कसे दिसते ते सांगतो. आम्ही पेडण्याच्या टोकाला, पलीकडे सिंधुदुर्ग. घरात कोंकणी बोलतो, आरती आणि पोथी मराठीत वाचतो. जत्रेला दशावतारी काला होतो. संवाद ऐनवेळी जुळवलेले. पण पखवाज आणि झांज वाजू लागली, दोन राजे तलवारी घेऊन फिरू लागले, की पेंगणारा म्हाताराही उठून बसतो. या युद्धाला कोणी हलके म्हटले तर आम्ही भांडायला उठू. मग पडद्यावरचे युद्ध हलके का? मूकपटांच्या पाट्या दोन-दोन, तीन-तीन भाषांत असत. हाणामारीला तर पाटीही लागत नसे. दोन भाषांच्या घरातल्या माणसाला हा सिनेमा परका वाटण्याचे कारणच नाही. दशावताराचे युद्ध निदान बापाकडून मुलाकडे जाते. फीत एकदा गेली की गेली.

आता कायदा पाहा. चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षांनी संपतो. म्हणजे नादियाचा ‘हंटरवाली’ (१९३५), ‘मिस फ्रंटियर मेल’ (१९३६), ‘डायमंड क्वीन’ (१९४०) हे सगळे लोकांचे झालेले आहेत. पुण्याचे राष्ट्रीय फिल्म संग्रहालय १९६४ पासून लोकांच्या पैशावर चालले आहे. २०२२ साली २२०० चित्रपट दुरुस्त करण्यासाठी ३६३ कोटी रुपये जाहीर झाले. माझे म्हणणे इतकेच, की त्यांतला मुदत संपलेला प्रत्येक चित्रपट अथपासून इतिपर्यंत, चांगल्या प्रतीत, फुकट, जालावर ठेवावा. जाळापासून वाचवले ते जालावर का नको? २००४ पासून पणजीत दर वर्षी आंतरराष्ट्रीय महोत्सव भरतो. तिथे एखाद्या संध्याकाळी जुना पट झळकतो, टाळ्या होतात, डबा परत कुलपात. इब्रामपूरच्या माणसाने ओळखपत्र गळ्यात घालून पणजीला का जावे? त्याच्या खिशात फोन आहे.

यावर जाणकार म्हणतात, जालावर ठेवणे म्हणजे जतन नव्हे. खरे आहे. थंड, कोरड्या खोलीत ठेवलेली फीत शंभर वर्षे टिकते आणि संगणकावरची प्रत दर काही वर्षांनी नव्या यंत्रावर उतरवावी लागते. म्हणून फीतही ठेवा आणि प्रतही द्या. पण जे कोणी पाहतच नाही ते जपायला पुढच्या अंदाजपत्रकात पैसा कोण देईल? फुटक्या, कापलेल्या, कोपऱ्यात कुणाचा तरी शिक्का मारलेल्या नकला जालावर फिरतात याचे दुःख यांना होते. चांगली प्रत मात्र हातची सुटत नाही.

‘इंडियनसिने.मा’ या जालसंग्रहाने २०१३ पासून मुदत संपलेले भारतीय चित्रपट मांडायला घेतले. तिथे प्रसंगाप्रसंगाला टिपणे जोडता येतात. ती बहुतेक इंग्रजीत आहेत. ते काम मराठीत करायला सरकार लागत नाही. आपल्या सीमाभागातली पोरे दोन-दोन भाषा घेऊन जन्माला येतात, त्यांतल्या चौघांनी बसावे आणि ‘दिलेर जिगर’पासून सुरुवात करावी.