धाडसी दर्यावर्दी, आज्ञाधारक अध्यक्ष

इटलीच्या लिव्होर्नो बंदरात १८७६ साली जन्मलेला कोस्तान्झो चिआनो हा नौदलातील नामांकित अधिकारी. कापोरेत्तोच्या पराभवाने इटली खचली असता, फेब्रुवारी १९१८ मध्ये तीन चिमुकल्या पाणतीर-नौका व तीस माणसे घेऊन तो रात्री ऑस्ट्रियाच्या बुक्कारी उपसागरात शिरला. कवी दानुन्झिओ सोबत होता. शत्रूची हानी फारशी झाली नाही. देशाला धीर मात्र आला.

हे शौर्य आम्ही नाकारीत नाही. परंतु हाच वीर पुढे मुसोलिनीचा निष्ठावंत झाला. १९२४ ते १९३४ तो दळणवळणमंत्री होता. नंतर लोकप्रतिनिधी सभेचा अध्यक्ष. १९३९ साली ती नामधारी सभाही मोडून फॅसिस्ट मंडळ आले, तेव्हा त्याच्याही अध्यक्षपदी चिआनोच! त्याच जूनमध्ये तो निवर्तला.

पुत्र गालेआत्सो हा मुसोलिनीचा जावई व परराष्ट्रमंत्री. १९४३ साली त्याने सासऱ्याविरुद्ध मत दिले; जानेवारी १९४४ मध्ये व्हेरोना येथे त्याला गोळ्या घालण्यात आल्या. नकार आला, पण फार उशिरा.

शत्रूच्या बंदरात शिरण्यास छाती लागते. स्वतःच्या धन्यास वेळीच 'नाही' म्हणण्यास त्याहून मोठी लागते, असे आम्हांस वाटते.